तेहतिसावी जागा

सासूबाईंना डायलिसिसला न्यायचं काम सूनबाईकडे आलं, कारण ती घरून काम करायची. घरून काम करणारी बाई म्हणजे रिकामी बाई, असं घरात कोणी तोंडाने बोललं नव्हतं. पण गाडी काढायची वेळ आली की सगळ्यांच्या नजरा आपोआप तिच्याकडे वळत. सेंटर तिच्या नणंदेचंच होतं. नणंद किडनीची डॉक्टर. एका जुन्या बँकेच्या वरचा मजला भाड्याने घेऊन तिने तिथे सहा खुर्च्या आणि सहा मशीन मांडली होती. तिथल्या सिस्टर, टेक्निशियन, सफाईच्या मावशी, सगळे तिला सूनबाईच म्हणत, कारण सासूबाई दारातून आत शिरतानाच जाहीर करत, "माझी सूनबाई खाली गाडी लावतेय, तोवर माझं वजन करून घ्या."

त्या सोमवारी ती गाडी लावून वर आली तर नणंद दारातच उभी. नणंद दारात उभी असणं हे कधीच चांगलं लक्षण नव्हतं.

"आमचं सॉफ्टवेअर ज्या फ्रेमवर्कमध्ये आहे, त्यातच तू काम करतेस ना? जरा बघ गं. दहा मिनिटांचं काम आहे."

दुसऱ्याचं काम नेहमी दहा मिनिटांचंच असतं. सूनबाईने ओठांवर आलेलं उत्तर गिळलं आणि विचारलं, "काय झालंय, ताई?"

झालं होतं ते असं. सर्व्हर सांभाळणाऱ्या कंपनीने रविवारी सेंटरचं सगळं सॉफ्टवेअर जुन्या यंत्रावरून नव्या यंत्रावर हलवलं होतं आणि जाता जाता फ्रेमवर्कची, म्हणजे ते ज्या तयार सांगाड्यावर उभं होतं त्याची, आवृत्तीही बदलून टाकली होती. सकाळपासून एकाही पेशंटची नोंद उघडत नव्हती. नोंदी कुलपात असत, म्हणजे सांकेतिक लिपीत साठवलेल्या. कुलूप लावायची एक ठरलेली पद्धत आणि त्या पद्धतीची एक किल्ली. किल्ली म्हणजे अक्षरांची एक ओळ, मुद्दाम अर्थ नसलेली. ती पद्धत सांगेल तेवढ्याच लांबीची लागते. एक अक्षर कमी चालत नाही आणि एक जास्तही चालत नाही. पडद्यावर लाल पट्टीत तेच आलं होतं: कुलपाची पद्धत आणि किल्लीची लांबी जुळत नाही.

सूनबाईला जरा हायसं वाटलं. हे दुखणं तिच्या ओळखीचं होतं.

घाई करायला कारणही होतं. सहाही खुर्च्यांवर माणसं येऊन बसली होती आणि नोंदीशिवाय मशीन सुरू करायला नणंद तयार नव्हती. कोणाच्या अंगातून किती पाणी ओढायचं, रक्त पातळ करायचं औषध किती द्यायचं, हे आकडे शनिवारी संध्याकाळी बदललेले होते. पाणी थोडं जरी जास्त ओढलं गेलं तरी माणूस खुर्चीतल्या खुर्चीत पांढराफटक पडतो. सासूबाईंचं गेल्या महिन्यात तसं झालं होतं. कागदाच्या फायली नणंदेने मोठ्या अभिमानाने बंद केल्या होत्या, आणि आज त्या अभिमानाबद्दल कोणी काही बोलत नव्हतं.

ऑफिसची खोली काचेची होती. तिथे बसलं की अख्खा हॉल दिसायचा: फिकट निळ्या चादरी, खिडकीतलं पांढरं ऊन आणि जंतुनाशकाचा व्हिनेगरसारखा वास. पाणी शुद्ध करणारा पंप भिंतीपलीकडे घुमत होता. खिडकीजवळच्या खुर्चीत सासूबाई स्वेटरची बटणं लावत बसल्या होत्या आणि शेजारच्या निवृत्त पोस्टमास्तरांना मुलीच्या सॉफ्टवेअरची कहाणी ऐकवत होत्या.

पहिली चूक सूनबाईला लगेच सापडली. सेटिंगच्या फाईलमध्ये नव्या यंत्रावर कुलपाची दुसरीच पद्धत लिहिलेली होती, सोळा अक्षरांच्या किल्लीची. सेंटरची किल्ली होती बत्तीस अक्षरांची. माप एका पायाचं आणि जोडा दुसऱ्याचा. तिने पद्धत बदलली, यंत्राने लक्षात ठेवलेलं जुनं सेटिंग पुसलं आणि पान पुन्हा उघडलं.

लाल पट्टी तशीच होती. फक्त आता खाली आणखी एक ओळ आली होती: हवीत बत्तीस, आहेत तेहतीस.

यालाही उत्तर होतं. नक्कल करताना ओळीच्या शेवटी एखादी न दिसणारी रिकामी जागा चिकटून येते, आणि डोळ्याला दिसत नसली तरी यंत्र ती मोजतं. तिने ओळीचा शेवट पुसला. तेहतीस. पूर्ण ओळ पुसून किल्ली हाताने टाईप केली. तेहतीस. स्वतःचा लॅपटॉप उघडून तीच ओळ तिथे मोजली. बत्तीस. पुन्हा सेंटरच्या यंत्रावर. तेहतीस.

नणंद काचेवर टकटक करून गेली. मग टेक्निशियन येऊन गेला. मग नणंद पुन्हा आली. अशा वेळी "झालं का?" असं विचारणाऱ्या माणसाला काय उत्तर द्यावं हे कुठल्याही पुस्तकात लिहिलेलं नसतं.

"होतंय," ती म्हणाली.

"होतंय म्हणजे किती वेळ?"

"ताई, तुम्ही पेशंट तपासताना मी असं विचारते का?"

नणंद वळून हॉलमध्ये गेली. काचेपलीकडे सिस्टर सुया आणि पट्ट्यांचे ट्रे टेबलावर मांडत होत्या. मांडून झाल्यावर थांबल्या, बोटाने मोजू लागल्या, आणि एक ट्रे उचलून परत कपाटात ठेवला. थोड्या वेळाने सूनबाईची नजर पुन्हा तिकडे गेली, तेव्हा त्या तोच ट्रे कपाटातून काढून टेबलावर ठेवत होत्या.

तिने सर्व्हरच्या कंपनीला फोन लावला. बराच वेळ संगीत ऐकल्यावर तिकडचा माणूस म्हणाला की त्यांच्या बाजूने सगळं ठीक आहे. हे वाक्य तिने आयुष्यात इतक्यांदा ऐकलं होतं की तिला त्याचा राग यायचाही कंटाळा आला होता.

कॉफी आणायला ती हॉलमधून गेली. सफाईच्या मावशी दाराशी चादरींचं गाठोडं सोडून बसल्या होत्या. त्या कोणाला उद्देशून नाही अशा आवाजात म्हणत होत्या की शनिवारी सगळं धुऊन दिलं, रविवारी सेंटर बंद, मग ही एक चुरगळलेली कुठून आली. चादर त्यांनी मांडीवर घेतली होती आणि तिच्यावर तळहात ठेवला होता. सूनबाईने विचारलं, काय झालं. मावशींनी हात उचलला. म्हणाल्या, "काही नाही. गरम लागतेय हाताला."

सासूबाईंनी तिला हाक मारली. जवळ गेल्यावर हळू आवाजात म्हणाल्या, "अगं, ही खुर्ची आज अरुंद वाटतेय."

"तीच आहे आई, रोजचीच."

"तीच आहे. पण मला जागा पुरत नाहीये."

त्या खरोखरच खुर्चीच्या एका कडेला सरकून बसल्या होत्या, बाकावर दुसऱ्या कोणासाठी जागा करून बसावं तशा. चेहरा सुजला होता, पावलंही. अंगात पाणी साठत चाललं होतं. सूनबाईने त्यांच्या पाठीमागे उशी सरकवली आणि त्यांना मध्ये बसवायला गेली, तर त्यांनी तिचा हात धरला. "राहू दे," त्या म्हणाल्या. "तू आधी तुझं ते मोजायचं काम कर. डोकं शांत ठेव. तुला चिडल्यावर दिसत नाही."

हे त्या तिला वर्षानुवर्षं सांगत आल्या होत्या, भाजी करपली तरी आणि गाडीची किल्ली हरवली तरी. एरवी सूनबाईला असल्या वाक्याचा संताप यायचा. आज मात्र तिला तो हात सोडवेना.

परत जाऊन तिने एक छोटा प्रोग्रॅम लिहिला. किल्लीतलं एकेक अक्षर एकेका ओळीवर छापायचं आणि पुढे त्या अक्षराचा सांकेतिक आकडा. न दिसणारी जागा असली तरी तिला आकडा असतोच. यंत्राला माहीत नाही असं अक्षर असू शकत नाही. एकेक ओळ उतरत गेली. बत्तिसाव्या ओळीपर्यंत सगळं बरोबर होतं. मग तेहतिसावी ओळ आली, आणि तिच्यापुढे काहीच नव्हतं. शून्यसुद्धा नव्हतं. यंत्राने तिथे जागा मोजली होती, पण अक्षर वाचलं नव्हतं.

तिने तो प्रोग्रॅम पुन्हा चालवला. या वेळी ती रिकामी ओळ पडद्यावर उतरायला जरा वेळ लागला. एखाद्याला हाक मारावी आणि त्याने सावकाश मान वर करावी, तेवढा.

नवी किल्ली बनवायचा विचार तिने केला होता, पण नव्या किल्लीने जुनी कुलपं उघडत नाहीत. सगळ्या नोंदी कायमच्या गेल्या असत्या. दुसरा मार्ग तिला दिसत नव्हता. हॉलमध्ये पोस्टमास्तरांना धाप लागू लागली होती. नणंद त्यांच्या छातीला स्टेथोस्कोप लावून उभी होती आणि काचेतून सूनबाईकडेच बघत होती.

तेव्हा जे झालं ते चिडून झालं. तुला बत्तीसच हवीत ना, तिने यंत्राला मनातल्या मनात म्हटलं, आणि ते एक जास्तीचं तुला सोडवत नाही ना, मग घे. तिने किल्लीतलं शेवटचं दिसणारं अक्षर पुसलं. आता दिसत होती एकतीस, न दिसणारं धरून बत्तीस. नोंदी उघडणार नाहीत हे तिला पक्कं माहीत होतं; तिला फक्त दुसरी कुठली तरी चूक पडद्यावर बघायची होती. त्याच त्या लाल पट्टीचा तिला वीट आला होता.

पान उघडलं.

लाल पट्टी नव्हती. नोंदी एकामागून एक भरत आल्या: वजनं, औषधं, शनिवारी संध्याकाळी बदललेले आकडे. हॉलमधल्या सगळ्या पडद्यांवर एकदम उजेड आला आणि टेक्निशियनने टाळी वाजवली. नणंद काचेपलीकडून हात जोडून हसली. मशीनचे पंप एकेक करून फिरू लागले.

सूनबाई मात्र जागची हलली नाही. चुकीच्या किल्लीने कुलूप उघडलं तर आनंद कसला मानायचा? या पद्धतीत एक अक्षर इकडचं तिकडे झालं तरी हाती फक्त कचरा लागतो. तिने नोंदी तपासल्या. पोस्टमास्तर बरोबर होते. बाकीचेही बरोबर होते. मग सासूबाईंची ओळ. वजन होतं. औषधाचं माप होतं. गेल्या महिन्यात रक्तदाब पडल्याचा शेरा होता. नावाची जागा कोरी होती.

ती उठून हॉलमध्ये गेली.

खिडकीजवळच्या खुर्चीत कोणी नव्हतं.

चादर अंथरलेली होती आणि अगदी सपाट होती. मशीनमधून निघालेल्या दोन नळ्या त्या चादरीखाली जात होत्या. पंप फिरत होता. एका नळीतून रक्त येत होतं, दुसरीतून परत जात होतं. ऊन थेट त्या नळ्यांवर पडलं होतं आणि त्यांचा लाल रंग स्वच्छ दिसत होता.

नणंद खुर्चीवर वाकली होती. "थंडी वाजतेय का, आई?" तिने विचारलं, काहीतरी ऐकून घेतलं, हसली, आणि चादर वर ओढून खोचली.

"ताई," सूनबाई म्हणाली. स्वतःचा आवाज तिला परका वाटला. "आई कुठे आहेत?"

नणंदेने मान वळवून तिच्याकडे पाहिलं. आधी गंमत समजून, मग डॉक्टरच्या नजरेने. "ही काय समोर," ती म्हणाली. "तू सकाळपासून काही खाल्लंस का?"

सूनबाईने चादरीला हात घातला. सिस्टरांनी तिचं मनगट धरलं, प्रेमाने पण घट्ट. सुई लागलीय, त्या म्हणाल्या, आजींना दुखेल.

ती धावतच परत गेली. पुसलेलं अक्षर परत टाकायचं, एवढंच तर करायचं होतं. सकाळपासून ती किल्ली तिने इतक्यांदा टाईप केली होती की बोटांना पाठ झाली होती. बोटं धावली, एकतीस अक्षरं उमटली, आणि बोटं थबकली. पुढे काय होतं ते आठवेना. तिने लॅपटॉपवरची नक्कल उघडली. तिथेही एकतीसच होती.

तिने अंदाजाने एक अक्षर टाकलं. लाल पट्टी. दुसरं टाकलं. लाल पट्टी. हॉलमधले पडदे काळे पडले आणि मशीन एका सुरात किंचाळू लागली. नणंद दार ढकलून आत आली. ती इतकी चिडलेली सूनबाईने कधी पाहिली नव्हती.

"चालू पेशंट आहेत बाहेर. माझी आई आहे त्यात. हात काढ."

सूनबाईने हात काढला. नणंदेने स्वतः ते अक्षर पुसलं आणि पडदे पुन्हा उजळले.

मग सूनबाईने जिन्यात जाऊन कंपनीला फोन लावला. तिकडच्या माणसाला म्हणाली, तुमच्याकडची किल्ली वाचून दाखवा. त्याने कुरकुर करत वाचली. ती एकेक अक्षर बोटांवर धरत गेली. एकतिसाव्यानंतर तो थांबला.

"पुढचं?" तिने विचारलं.

"सांगितलं की, मॅडम."

"पुन्हा सांगा. शेवटचं फक्त."

फोनमध्ये क्षणभर काहीच ऐकू आलं नाही. बंद पडल्यासारखं नव्हे. एखादं अक्षर उच्चारायला लागावा तेवढाच वेळ. मग तो म्हणाला, "ऐकू आलं ना? बरोबर बत्तीस आहेत."

दुपार झाली तशी तिने नवऱ्याला बोलावून घेतलं. फोनवर काय सांगितलं ते तिला नंतर आठवलं नाही, पण तो ऑफिस अर्धवट टाकून आला. तो येईल, बघेल आणि तिच्यासारखाच हादरेल, एवढ्या एका आशेवर ती जिन्यात बसून होती. तो दोन दोन पायऱ्या चढत आला, हॉलमध्ये शिरला आणि तडक खिडकीपाशी गेला. सुया काढून झाल्या होत्या. सिस्टर कापसाचा बोळा हवेत दाबून धरून बसल्या होत्या. त्याचा चेहरा सैल झाला, तो हसला, आणि ज्या ठिकाणी चेहरा असायला हवा होता तिथे बघत म्हणाला, "हिने घाबरवलं मला. तू तर मस्त दिसतेयस."

मग तो ऐकत राहिला. मान हलवली. पुन्हा हसला, लहानपणीची एखादी गोष्ट निघाल्यावर हसायचा तसा.

त्याने कोपर पुढे केलं. त्याच्या शर्टाच्या बाहीवर चार सुरकुत्या पडल्या आणि तशाच राहिल्या.

वजनकाट्याशी सगळे थांबले. आकडे वर चढले, हलले, स्थिरावले. नणंदेने ते मोठ्याने वाचले आणि समाधानाने टाईप केले. जेवढं पाणी काढायचं होतं तेवढंच निघालं होतं. आज आईचं किती छान झालं, असं ती म्हणाली. जाताना तिने सूनबाईच्या गालाला हात लावला. सकाळी बोलले ते मनाला लावून घेऊ नकोस, म्हणाली, तू होतीस म्हणून सगळं सुरळीत झालं.

खाली आल्यावर नवऱ्याने तिच्याकडून गाडीची किल्ली घेतली. मागचं दार उघडून धरलं, वाट पाहिली, आणि हलक्या हाताने लावून घेतलं. गाडी मागच्या बाजूने किंचित खाली बसली.

"तू पुढे बस," तो म्हणाला. "आईला मागे ऐसपैस बसू दे."

ती पुढे बसली. आरशात बघायचं नाही असं तिने ठरवलं होतं. सिग्नलला गाडी थांबली तेव्हा तिने सासूबाईंचा चेहरा आठवून पाहिला. सुजलेले डोळे आठवले, स्वेटरची बटणं आठवली. आवाज आठवायला गेली, तर तिथे एक जागा होती, आणि तिच्यात काही नव्हतं.

नवरा आरशात बघून कशाला तरी हो म्हणाला.

सिग्नल सुटला. गाडीने वेग घेतला, आणि तिच्या सीटच्या पाठीला मागून दोन गुडघे हळूच येऊन टेकले.